‘रायबो’ लिहिलेला आणि ‘रायबो’ गाळलेला

प्रश्न थोडक्यात असा आहे. दातांच्या गाभ्यातल्या स्टेम सेल्स वाढवणाऱ्या एका विद्यार्थिनीला कॅटलॉगमध्ये अल्फा-एमईएम या मीडियमच्या (पेशी वाढवायच्या पोषक द्रवाच्या) दोन बाटल्या दिसल्या. एकीवर ‘रायबोन्यूक्लिओसाइड्स आणि डीऑक्सीरायबोन्यूक्लिओसाइड्ससह’ असं होतं, दुसरीवर ‘न्यूक्लिओसाइड्सशिवाय’. तिच्या प्रोटोकॉलमध्ये मात्र नुसतंच ‘अल्फा-एमईएम’. ती विचारते, रायबोन्यूक्लिओसाइड म्हणजे नेमकं काय? ते न्यूक्लिओसाइडपेक्षा वेगळं असतं का? अडेनोसिनला एका पुस्तकात न्यूक्लिओसाइड म्हटलंय, दुसऱ्यात रायबोन्यूक्लिओसाइड, मग खरं कोणतं? आणि बाटली कोणती मागवू?

बाटलीचं शेवटी सांगतो. आधी शब्दाचं बघू, कारण याच शब्दाने एकदा माझे तीन आठवडे खाल्ले आहेत.

व्याख्या दोन ओळींची आहे. नत्र असलेला बेस आणि पाच कार्बनची साखर जोडली की न्यूक्लिओसाइड. ती साखर रायबोज असेल तर रायबोन्यूक्लिओसाइड. रायबोजच्या दुसऱ्या कार्बनवरचा ऑक्सिजन नसेल तर डीऑक्सीरायबोन्यूक्लिओसाइड. या जोडीला फॉस्फेट लागला की न्यूक्लिओटाइड. मी वर्गात सांगतो, साइड तो साधा, टाइड तो टिकलीवाला. फॉस्फेट ही टिकली. हसतात, पण परीक्षेत चुकत नाहीत.

एवढं कुठल्याही गाइडमध्ये मिळतं. घोळ होतो तो पुढे, कारण प्रत्यक्ष वापरात ‘रायबो’ हा भाग बहुतेक वेळा अध्याहृत असतो. शाळेतलं व्याकरण आठवा. ‘ये’ म्हटलं की ‘तू’ म्हणावं लागत नाही. तसंच ‘अडेनोसिन’ म्हटलं की साखर रायबोजच, ते वेगळं सांगत नाहीत. डीऑक्सी असेल तर मात्र तोंडाने म्हणावंच लागतं, ‘डीऑक्सीअडेनोसिन’. तेव्हा तुमची दोन्ही पुस्तकं बरोबर आहेत. अडेनोसिन न्यूक्लिओसाइड आहे आणि रायबोन्यूक्लिओसाइडही आहे. एकाने आडनाव सांगितलंय, दुसऱ्याने घराण्यासकट.

आता ‘रायबो’च का गाळतात, ‘डीऑक्सी’ का नाही? याचं उत्तर रसायनात कमी आणि इतिहासात जास्त आहे.

१८४७ साली लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने मांसाच्या अर्कातून एक आम्ल वेगळं काढलं. स्नायूला ग्रीक भाषेत जो शब्द आहे त्यावरून त्याचं नाव इनोसिनिक आम्ल पडलं. त्यात कुठली साखर आहे हे कळायला पुढची साठेक वर्षं गेली. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत फीबस लेव्हीन आणि वॉल्टर जेकब्स यांनी १९०९ मध्ये ती साखर रायबोज असल्याचं दाखवलं, आणि बेस व साखर यांच्या जोडीला ‘न्यूक्लिओसाइड’ हे नाव दिलं. म्हणजे हा शब्द जन्माला आला तेव्हा जगाला माहीत असलेला न्यूक्लिओसाइड रायबोजवालाच होता. डीएनएमधली साखर वेगळी आहे, तिच्यात एक ऑक्सिजन कमी आहे, हे त्याच लेव्हीनच्या प्रयोगशाळेतून १९२९ मध्ये पक्कं झालं. मधल्या वीस वर्षांत नावं रुळून गेली होती.

मोबाइल आल्यावर घरातल्या फोनला ‘लँडलाइन’ म्हणायची वेळ आली ना, तसंच झालं. आधी तो नुसता फोन होता. ‘रायबोन्यूक्लिओसाइड’ हा शब्द लँडलाइनच्या जातीचा आहे. दुसरा प्रकार सापडला म्हणून पहिल्याला विशेषण चिकटवावं लागलं, आणि तेही दोघं शेजारी उभे असतील तेव्हाच. एकटा असला की तो अजूनही नुसता ‘न्यूक्लिओसाइड’.

या एका गोष्टीतून पुढची बरीच कोडी सुटतात. जो आधी आला त्याला बिनविशेषणाचं नाव, मागून आलेल्याने विशेषण वागवायचं.

सगळ्यात मोठं कोडं थायमिडिनचं. अडेनोसिन, ग्वानोसिन, सायटिडिन, युरिडिन हे चारही रायबोन्यूक्लिओसाइड. म्हणून विद्यार्थी धरून चालतात की थायमिडिनही त्याच पंगतीत बसणार. तो बसत नाही. थायमिडिन डीऑक्सी आहे, नावात ‘डीऑक्सी’ नसतानाही. कारण थायमिन हा बेस मुळात वासराच्या थायमस ग्रंथीतल्या डीएनएमधून मिळाला, कोसेल आणि नॉयमन यांनी तो १८९० च्या दशकात वेगळा केला, आणि पुढे कितीतरी वर्षं तो फक्त डीएनएतच असतो अशी समजूत होती. बिनविशेषणाचं नाव डीऑक्सीवाल्याने पटकावलं. नंतर ट्रान्स्फर आरएनएमध्ये (प्रथिन बनताना अमिनो आम्लं वाहून आणणाऱ्या आरएनएमध्ये) थायमिनला रायबोज जोडलेला न्यूक्लिओसाइड सापडला, तेव्हा उशिरा आलेल्या त्या पाहुण्याला ‘रायबोथायमिडिन’ म्हणावं लागलं. त्याचंच दुसरं नाव ५-मिथिलयुरिडिन. हे नाव मला जास्त आवडतं, कारण त्यात घोटाळ्याला जागा नाही.

म्हणूनच एका कंपनीच्या बाटलीवर ‘टीटीपी’ (थायमिडिन ट्रायफॉस्फेट, म्हणजे तीन फॉस्फेट लावलेला थायमिडिन) असतं आणि दुसरीच्या बाटलीवर ‘डीटीटीपी’, तरी आतला माल तोच. विद्यार्थी दोन्ही मागवून ठेवतात. फ्रीजमध्ये जागा अडते, बाकी काही नाही.

नावांच्या शेवटांबद्दलही सांगून टाकतो. बेसचे गट दोन, दोन कड्यांचे प्युरिन आणि एका कड्याचे पिरिमिडिन. प्युरिनचे न्यूक्लिओसाइड ‘-ओसिन’ने संपतात, जसे अडेनोसिन, ग्वानोसिन, इनोसिन. पिरिमिडिनचे ‘-इडिन’ने, जसे सायटिडिन, युरिडिन, थायमिडिन. यात ठग एकच, सायटोसिन. शेवट ‘-ओसिन’, म्हणून वाटतं न्यूक्लिओसाइड. पण तो नुसता बेस आहे, साखरेचा पत्ता नाही. त्याचा न्यूक्लिओसाइड सायटिडिन. तपासलेल्या उत्तरपत्रिकांमध्ये सर्वांत जास्त लाल शाई मी इथे खर्च केली असेल. दुसरा नंबर थायमिनचा. त्याचा थायामिनशी, म्हणजे व्हिटॅमिन बी-१ शी, काडीचाही संबंध नाही.

इनोसिनचा बेस कोणता, हेही विचारतात. ‘इनोसिनिन’ असा काही बेस नाही. बेस हायपोझॅन्थिन.

आता आकड्यांकडे. साखरेच्या कार्बनना १′ ते ५′ असे प्राइमचे आकडे देतात, बेसच्या आकड्यांशी गल्लत होऊ नये म्हणून. बेस १′ ला जोडलेला असतो, फॉस्फेट बहुधा ५′ ला लागतो, आणि २′ वर हायड्रॉक्सिल (ऑक्सिजन-हायड्रोजनची जोडी) आहे की नाही यावर रायबो की डीऑक्सी हे ठरतं. अडेनोसिनचं रेणुभार २६७.२४, २′-डीऑक्सीअडेनोसिनचं २५१.२४. फरक बरोबर सोळाचा, एका ऑक्सिजनचा. या एका ऑक्सिजनमुळे आरएनए अल्कलीत टिकत नाही. २′ वरचा तो हायड्रॉक्सिल शेजारच्या फॉस्फेटवर हल्ला करतो आणि साखळी तुटते. सोडियम हायड्रॉक्साइडच्या सौम्य द्रावणात रात्रभर ३७ अंशांवर ठेवलं की सकाळी आरएनएचे तुकडे आणि डीएनए शाबूत.

वजन करताना एक खाचखळगा आहे. २′-डीऑक्सीअडेनोसिन बाजारात बहुधा पाण्याच्या एका रेणूसह, म्हणजे मोनोहायड्रेट रूपात येतं. त्या बाटलीवर रेणुभार २६९.२६ छापलेला असतो. अडेनोसिनच्या २६७.२४ च्या इतका जवळ, की घाईत असलेला माणूस बाटलीवरचा आकडा बघून ‘हं, अडेनोसिन’ म्हणतो आणि चमचा घालतो. बाटलीवरचं नाव वाचा, आकड्यावरून ओळख पटवू नका.

आणि नुसतं ‘डीऑक्सीअडेनोसिन’ म्हटलं तर कुठला ऑक्सिजन गेला? सांगितलं नसेल तर २′ चा, कारण तो आधी आलेला. ३′ चा ऑक्सिजन काढलेला अडेनोसिनही आहे. १९५० मध्ये कॉर्डिसेप्स मिलिटारिस नावाच्या बुरशीतून तो मिळाला, त्याला कॉर्डिसेपिन म्हणतात. रेणुसूत्र तेच, रेणुभार तोच २५१.२४, गुण मात्र पार वेगळे. आरएनए बनवणारं एन्झाइम त्याला अडेनोसिन समजून साखळीत घेतं, आणि पुढचा मणी ओवायला ३′ वर हायड्रॉक्सिलच नसतो. साखळी तिथेच खुंटते. मास स्पेक्ट्रोमीटरवर नुसत्या वस्तुमानाने हे दोघं वेगळे ओळखता येत नाहीत, क्रोमॅटोग्राफीच्या कॉलमवर किती वेळाने बाहेर पडतात ते बघावं लागतं.

साखरेच्या बाबतीत अजून एक भानगड आहे, आणि ‘रायबो’ हा शब्द मुद्दाम लिहिण्याचं खरं कारण मला तिथे दिसतं. न्यूक्लिओसाइडमध्ये रायबोज किंवा डीऑक्सीरायबोजच असली पाहिजे अशी काही सक्ती नाही. १९५० च्या सुमारास व्हेर्नर बेर्गमान यांना कॅरिबियन भागातल्या एका समुद्री स्पंजात असे न्यूक्लिओसाइड सापडले ज्यांच्यात साखर अरॅबिनोज होती. अरॅबिनोजमध्ये अणू सगळे रायबोजचेच, फक्त २′ वरचा हायड्रॉक्सिल खालच्या बाजूला न राहता वरच्या बाजूला वळलेला. गंमत अशी की ‘रायबोज’ हे नावच एमिल फिशरने १८९१ मध्ये ‘अरॅबिनोज’ची अक्षरं इकडची तिकडे करून पाडलं होतं. रक्ताच्या कर्करोगावर आजही रोज वापरलं जाणारं सायटॅराबिन त्या स्पंजाच्या धाग्यानेच आलं. त्याचं सूत्र आणि वजन हुबेहूब सायटिडिनचं, २४३.२२. ते न्यूक्लिओसाइड आहे, डीऑक्सी नाही, आणि तरीही रायबोन्यूक्लिओसाइड नाही. ‘डीऑक्सी नाही म्हणजे रायबो’ हे समीकरण इथे कोसळतं. असे नातेवाईक आसपास असतील तेव्हा ‘रायबो’ गाळू नये.

आता फॉस्फेटवाली नावं, कारण तोंडी परीक्षेत माणसं इथेच पडतात. ‘डीएनटीपीचं पूर्ण रूप सांगा’ म्हटलं की उत्तरं येतात: डायन्यूक्लिओटाइड ट्रायफॉस्फेट, डीऑक्सीन्यूक्लिओटाइड ट्रायफॉस्फेट, एकदा तर डीएनए ट्रायफॉस्फेट. बरोबर उत्तर डीऑक्सीरायबोन्यूक्लिओसाइड ट्रायफॉस्फेट. न्यूक्लिओसाइड, टाइड नव्हे. टाइडमध्ये फॉस्फेट आलेलाच आहे. त्यापुढे ‘ट्रायफॉस्फेट’ म्हणणं म्हणजे ‘गाईचं गोमूत्र’. मोठमोठ्या कंपन्यांच्या माहितीपत्रकांतही ही चूक सापडते, तेव्हा मी कुणाचे गुण कापत नाही, फक्त समजावून सांगतो. मधला ‘एन’ म्हणजे चारांपैकी कुठलाही न्यूक्लिओसाइड. तो नायट्रोजन नाही.

इथे एक विचित्र गोष्ट लक्षात येईल. नावात ‘न्यूक्लिओसाइड’ असलेला पदार्थ प्रत्यक्षात न्यूक्लिओटाइड असू शकतो. एटीपी म्हणजे अडेनोसिन ट्रायफॉस्फेट. अडेनोसिन न्यूक्लिओसाइड, पण एटीपी न्यूक्लिओटाइड. आपल्या पेशींमध्ये रायबोचं डीऑक्सी करणारं जे एन्झाइम आहे, त्याला पाठ्यपुस्तकं ‘रायबोन्यूक्लिओटाइड रिडक्टेज’ म्हणतात आणि एन्झाइमांची अधिकृत यादी ‘रायबोन्यूक्लिओसाइड-डायफॉस्फेट रिडक्टेज’ म्हणते. दोन वेगळी एन्झाइमं समजून वहीत दोनदा लिहिलेलं मी पाहिलंय. एकच आहे. रायबोन्यूक्लिओसाइडला दोन फॉस्फेट लावले की तो रायबोन्यूक्लिओटाइडच झाला, पण दुसरं नाव फॉस्फेट किती तेही सांगतं, म्हणून ते जास्त काटेकोर.

लॅबमध्ये या ‘डी’ची किंमत काय? इन-व्हिट्रो ट्रान्स्क्रिप्शनच्या (नळीत आरएनए बनवायच्या) किटमधल्या एटीपी, जीटीपी, सीटीपी, युटीपी या चार कुप्या पीसीआरमध्ये (डीएनएच्या प्रती काढताना) घातल्या तर डीएनए ओवणारं टॅक पॉलिमरेज हे एन्झाइम त्यांना उभंही करत नाही. जेलवर मापाचा लॅडर सुंदर, बाकी सगळं अंधार. आमच्याकडे एकीने प्रायमर तीनदा बदलून पाहिले आणि चौथ्यांदा कुपीवर ‘डी’ नसल्याचं तिला दिसलं.

‘रायबोसाइड’ हा शब्दही भेटेल. जुना आणि सैल आहे. रायबोजला काहीही जोडलं की रायबोसाइड. त्यामुळे प्रत्येक रायबोन्यूक्लिओसाइड हा रायबोसाइड, पण उलट नाही. आज तो मुख्यतः निकोटिनामाइड रायबोसाइड या महागड्या पूरक गोळ्यांच्या डबीवर आणि मासळी तपासणाऱ्या प्रयोगशाळेत जिवंत आहे. मासळीचं मला फार आवडतं म्हणून थोडं थांबतो. बांगडा मेला की त्याच्या स्नायूतला एटीपी पायरीपायरीने उतरत जातो. एडीपी, एएमपी, मग आयएमपी (एक फॉस्फेट लावलेला इनोसिन, लीबिगचं तेच इनोसिनिक आम्ल), मग फॉस्फेट गळून इनोसिन, मग साखरही गळून नुसता हायपोझॅन्थिन. आयएमपी चवदार आहे; ताज्या मासळीच्या गोडीत त्याचा वाटा मोठा. हायपोझॅन्थिन कडवट. इनोसिन आणि हायपोझॅन्थिन मिळून एकूण साखळीत किती टक्के झाले त्याला ‘के’ मूल्य म्हणतात, जपान्यांनी बसवलेलं माप. २० च्या खाली असेल तर मासळी कच्ची खाण्याइतकी ताजी धरतात. त्या सूत्रात इनोसिनची खूण असते ‘एचएक्सआर’, म्हणजे हायपोझॅन्थिन रायबोसाइड. तो ‘आर’ म्हणजे आपला अध्याहृत रायबोज. कोकणातली बाई कल्ला उचलून लालपणा बघते आणि बोटाने मांस दाबते. या साखळीतलं नाव तिला एकही माहीत नसतं, पण त्या सूत्राला जे शोधायचंय तेच ती शोधत असते.

झटपट नूडल्सच्या पुडीवर ६३५ हा आकडा दिसतो, तो याच आयएमपीचा आणि त्याच्या ग्वानोसिनवाल्या भावाचा, दोघांचे सोडियम क्षार. तिथे लिहायचा शब्द ‘५′-रायबोन्यूक्लिओटाइड’. टिकलीवाला, कारण फॉस्फेट काढला की ती चव जाते.

औषधांच्या नावात हा शब्द कसा चालतो तेही सांगायला हवं, कारण कोविडच्या दिवसांत तो सर्वांच्या कानावरून गेला. एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्रात ज्या रेमडेसिविरसाठी लोक रात्र रात्र औषध दुकानांपुढे उभे होते, ते अडेनोसिनची नक्कल आहे. त्यातला २′ आणि ३′ चा हायड्रॉक्सिल जागच्या जागी आहे, म्हणून घराणं रायबोचं. पण कुपीतल्या रेणूला झाकलेला एक फॉस्फेट आधीच जोडलेला असतो, म्हणून काटेकोर बोलणारे त्याला न्यूक्लिओटाइडची नक्कल म्हणतात. वर्तमानपत्रांनी न्यूक्लिओसाइड लिहिलं, त्यात फार बिघडलं नाही. फॅविपिराविर तर नुसत्या बेसची नक्कल. रायबोज आणि फॉस्फेट त्याला आपली पेशी जोडते.

मोल्नुपिराविरचं उदाहरण मी हल्ली वर्गात नेहमी घेतो. पोटात गेल्यावर त्यापासून एन४-हायड्रॉक्सीसायटिडिन बनतं, शुद्ध रायबोन्यूक्लिओसाइडची नक्कल. विषाणूच्या आरएनएमध्ये ते घुसतं आणि चुकांवर चुका पेरतं. ‘आरएनएचंच आहे, आपल्या डीएनएला काय करणार’ असं वाटेल. पण वर सांगितलेलं ते रिडक्टेज आठवा. पेशी रायबोचं डीऑक्सी करते. या रेणूचंही तसं होऊ शकतं, आणि पेशींवरच्या प्रयोगांत डीएनएमध्ये उत्परिवर्तनं दिसली. भारतात त्याला डिसेंबर २०२१ मध्ये आपत्कालीन मंजुरी मिळाली, तरी याच शंकेमुळे आयसीएमआरने ते राष्ट्रीय उपचारपद्धतीत घेतलं नाही. रायबो आणि डीऑक्सी यांच्यामध्ये भिंत नाही, दार आहे, आणि ते एका बाजूने उघडतं.

२०२३ च्या वैद्यकाच्या नोबेलच्या प्रशस्तीतही ‘न्यूक्लिओसाइड’ आहे. मेसेंजर आरएनए लसींना वाट करून देणाऱ्या कॅरिको आणि वाइसमन यांना ते मिळालं ‘न्यूक्लिओसाइडच्या बेसमधल्या बदलांच्या’ शोधांसाठी. ‘रायबो’ म्हटलेलं नाही. मेसेंजर आरएनएचा विषय असल्यावर म्हणायची गरजही नाही.

आता माझ्या तीन आठवड्यांची गोष्ट, आणि तिच्यातून तुमची बाटली.

तेव्हा मी एका जैवऔषध कंपनीत होतो. सीएचओ पेशींची (चिनी हॅमस्टरच्या अंडाशयातून आलेल्या पेशींची) एक जात असते, तिच्यात डीएचएफआर (डायहायड्रोफोलेट रिडक्टेज) हे एन्झाइम नसतं. त्यामुळे फोलेट या व्हिटॅमिनचं चक्र बंद, आणि पेशीला प्युरिन किंवा थायमिडिन मुळापासून बनवता येत नाही. आपण आपल्या हव्या त्या जीनसोबत डीएचएफआरचा जीन आत घालतो आणि न्यूक्लिओसाइड नसलेल्या मीडियममध्ये पेशी ठेवतो. ज्यांनी जीन घेतला त्या जगतात, बाकीच्या मरतात. सोबत एक फ्लास्क असा ठेवायचा, ज्यात काहीच घातलेलं नाही. तो आठ-दहा दिवसांत साफ मेला पाहिजे.

बाराव्या दिवशी तो फ्लास्क गुटगुटीत. तळभर पेशी, मीडियम पिवळं पडलेलं. मीडियममध्ये घालायचं सीरम (रक्तातला द्रव) डायलाइज केलेलं, म्हणजे लहान रेणू गाळून काढलेलं, नसेल म्हणून ते बदललं, कारण साध्या सीरममध्येही हायपोझॅन्थिन आणि थायमिडिन थोडं असतंच. पुन्हा तेच. पेशींमध्ये जीन परत जिवंत झाला की काय म्हणून नवी कुपी वितळवली. पुन्हा तेच. मग एका संध्याकाळी आमच्या लॅबचे मदतनीस मामा रिकाम्या बाटल्या ऑटोक्लेव्हला न्यायला आले, ट्रॉलीवर बाटल्या उलट्यासुलट्या पडल्या होत्या, आणि एकीचं लेबल माझ्या डोळ्यांसमोर आलं. ‘सह’. इंग्रजीत ‘सह’ आणि ‘शिवाय’ची लघुरूपं लिहितात त्यात फरक एका ‘ओ’चा, आणि तो ‘ओ’ तिथे नव्हता. मागणीचा अर्ज मीच भरला होता. दोष द्यायलाही कुणी उरलं नाही.

त्या बाटलीत असतं काय? लिटरला अडेनोसिन, ग्वानोसिन, सायटिडिन, युरिडिन प्रत्येकी १० मिलिग्रॅम. हे चार रायबोन्यूक्लिओसाइड. शिवाय डीऑक्सीअडेनोसिन, डीऑक्सीग्वानोसिन, थायमिडिन प्रत्येकी १० आणि डीऑक्सीसायटिडिन क्षाररूपात ११. हे चार डीऑक्सी. अडेनोसिनचे १० मिलिग्रॅम म्हणजे सुमारे ३७ मायक्रोमोलर. माझ्या त्या पेशींना हे आयतं ताट होतं.

आठही कशाला, चार रायबो पुरले नसते का, रिडक्टेज त्यांचं डीऑक्सी करेलच की? प्युरिनच्या बाबतीत खरं आहे; अडेनोसिन मिळालं की पेशी दोन्ही प्युरिनचं भागवते. पण थायमिडिनला आडवाट नाही. युरिडिनपासून डीऑक्सीयुरिडिलेटपर्यंत (एक फॉस्फेट लावलेल्या डीऑक्सीयुरिडिनपर्यंत) पोचता येतं, तिथून थायमिडिलेट (तसाच थायमिडिन) व्हायला जो मिथिल लागतो तो फोलेटच्या चक्रातूनच येतो, आणि तेच बंद. म्हणून लेबलवर रायबो आणि डीऑक्सी दोन्ही वेगवेगळे लिहावे लागतात. ते पाल्हाळ नाही.

तुमच्या दंतगाभ्याच्या पेशींचं डीएचएफआर शाबूत आहे, सिलेक्शन (जीन घेतलेल्याच पेशी जगवणं) काही करत नाही आहात. त्यामुळे दोन्ही बाटल्यांत त्या वाढतील. तरी डोळे झाकून मागवू नका, दोन कारणांनी. अडेनोसिन हा नुसता कच्चा माल नाही, पेशींच्या पृष्ठभागावर त्याचे रिसेप्टर असतात (चहा पिऊन झोप उडते ती हेच रिसेप्टर कॅफीनने अडवल्यामुळे). सीरममधलं डीअमिनेज हे एन्झाइम त्याचं हळूहळू इनोसिन करत राहतं, त्यामुळे आज फोडलेल्या आणि महिनाभर सीरम घालून ठेवलेल्या बाटलीतलं अडेनोसिन सारखं नसतं. हाडाच्या पेशींकडे वळवण्याचा प्रयोग असेल तर हा फरक निकालात उतरू शकतो. दुसरं, प्रयोगाच्या मध्यात एकावरून दुसरीवर जाऊ नका. गेलात तर कंट्रोलसकट जा.

आणि इथे तो ‘आधी आला त्याला बिनविशेषणाचं नाव’ हा नियम लावू नका. नुसतं ‘अल्फा-एमईएम’ म्हणजे एका कंपनीत सह असतं, दुसरीत शिवाय. ज्या पेपरवरून प्रोटोकॉल घेतलाय त्यातला कॅटलॉग क्रमांक शोधा, तो कंपनीच्या संकेतस्थळावर टाका आणि घटकांच्या यादीत अडेनोसिनची ओळ आहे का ते बघा. क्रमांक दिलेला नसेल तर लेखकांना मेल करा. उत्तर येईपर्यंत तुमच्या मार्गदर्शकांच्या जुन्या फ्लास्कना कुठलं मीडियम होतं ते स्टोअरच्या रजिस्टरमध्ये मिळेल. बाटली आली की लेबलचा फोटो काढून वहीत चिकटवा, ‘सह’ किंवा ‘शिवाय’वर लाल पेनाने गोल करून.